निशाणी ५ फेटाळल्यानंतरचं अपील: माझा अनुभव

शेजाऱ्याने सामाईक बांध कोरून आमच्या बाजूने चर खणायला घेतला, म्हणून दावा लावला. तात्पुरत्या मनाईचा अर्ज, म्हणजे निशाणी ५, फेटाळला गेला. कारण दिलं होतं की वादीने वहिवाटीचा कागद दाखल केलेला नाही. आमच्या कागदयादीत सातबारा होता, मोजणीचा नकाशा होता. आदेशात त्यांचा उल्लेखसुद्धा नाही. कागद वाचून अर्ज फेटाळला असता, तर मी गप्प बसलो असतो.

अशा आदेशावर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४३ खाली अपील होतं. आमचं जिल्हा न्यायालयात दाखल झालं, नंबर पडला, नोटीस बजावली गेली. इथवर सगळं सुरळीत.

मग शेरा पडला: खालच्या कोर्टाचं रेकॉर्ड मागवावे. तिथे जे अडकलो ते अडकलोच. दोन्ही कोर्टं एकाच आवारात, तरी प्रत्येक तारखेला रोजनाम्यात तेच, रेकॉर्ड अप्राप्त. खाली विचारावं तर पत्रच आलं नाही म्हणतात. वर विचारावं तर पत्र केव्हाच गेलंय. तिकडे चर रोज लांबत होता, कारण नुसतं अपील दाखल झाल्याने काहीच थांबत नाही. ‘जैसे थे’साठी वेगळा अर्ज द्यावा लागतो. आम्ही दिला होता, पण तोही ‘रेकॉर्ड आल्यावर पाहू’ म्हणून पुढे ढकलला. शिवाय रेकॉर्ड वर गेलं की खाली मूळ दावा थांबतो, ही भीती वेगळीच. पाऊस तोंडावर आला होता. ज्या कागदांची चार पानं वाचायची, त्यांच्यासाठी अख्खं बाड कशाला हवं, हे मला आजही कळलेलं नाही.

शेवटी वकिलांनी दावा, कैफियत (प्रतिवादीचं लेखी उत्तर), सातबारा आणि नकाशा यांच्या प्रमाणित नकला लावल्या आणि पुरशीस, म्हणजे कोर्टाला लेखी निवेदन, दिली, की याच कागदांवर युक्तिवाद करायला आम्ही तयार आहोत. त्यावर सुनावणी लागली. तुम्ही ही पुरशीस पहिल्याच तारखेला द्या. नकलेवरून आठवलं: अपिलाची मुदत ३० दिवस, नक्कल तयार व्हायला लागलेला वेळ त्यातून वगळला जातो, तरी आदेशाच्या दिवशीच नकलेचा अर्ज टाका.

सुनावणीत न्यायाधीशांनी पहिलंच विचारलं, “दोन मतं शक्य असतील, तर खालच्या कोर्टाचं मत मी का बदलू?” प्रश्न रास्त होता. सर्वोच्च न्यायालयाने १९९० मध्ये वाँडर विरुद्ध अँटॉक्स या प्रकरणात सांगून ठेवलंय, की खालच्या कोर्टाने तारतम्य मनमानीने, लहरीपणाने, विपर्यस्तपणे किंवा मनाईची प्रस्थापित तत्त्वं डावलून वापरलं असेल, तरच अपिलात हात घालायचा. अपील कोर्टाला स्वतःला वेगळं वाटलं असतं, एवढ्याने भागत नाही. वकिलांनी शेजाऱ्याच्या दमदाटीबद्दल अवाक्षर काढलं नाही. कागदयादी पुढे ठेवली, आदेश पुढे ठेवला आणि यातला कागद त्यात कुठे दिसतो का, एवढंच विचारलं.

अपील मंजूर झालं. मनाई मात्र थेट दिली नाही. कागद विचारात घेऊन निशाणी ५ नव्याने ठरवा आणि तोवर ‘जैसे थे’, असा आदेश झाला. मला तो पटला. पुरावा आधी खालच्या कोर्टानेच तोलावा; न वाचलेला कागद वाचायला लावणं हे वरच्या कोर्टाचं काम, आणि ते ठामपणे व्हायला हवं.

या अपिलावर दुसरं अपील नाही. समोरच्यांनी उच्च न्यायालयात राज्यघटनेच्या अनुच्छेद २२७ खाली याचिका केली. तिथे हस्तक्षेपाला याहून कमी वाव, कारण नुसती चूक दुरुस्त करायला तो अधिकार नाही. याचिका फेटाळली गेली. आम्ही दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १४८-अ खाली कॅव्हेट, म्हणजे आमचं ऐकल्याशिवाय आदेश देऊ नये असा अर्ज, आधीच लावलं होतं, त्यामुळे आमच्या पाठीमागे एकतर्फी स्थगिती मिळाली नाही. कॅव्हेट ९० दिवसच चालतं, नंतर नवं लावावं लागतं.