दोनचं वर्गमूळ आणि डोंगर

स्मरणिकेसाठी ‘तुमचा प्रवास लिहा’ असा निरोप आला. प्रवासापेक्षा काम सांगितलेलं बरं. लँडस्केप फोटोग्राफी करणं आणि ती ऑनलाइन शिकवणं हे दोन धंदे वाटतात, पण रोजच्या रोज ते एकमेकांत गुंतलेले असतात. आणि त्यातलं बरंचसं नववी-दहावीच्या पुस्तकात आधीच छापलेलं आहे.

लेन्सवरचे छिद्राचे आकडे, म्हणजे एफ-आकडे, बघा: १.४, २, २.८, ४, ५.६, ८, ११, १६. पाठ करायला गेलं तर वैताग येतो. पण प्रत्येक आकडा आधीच्याला दोनच्या वर्गमुळाने, म्हणजे १.४१४ ने गुणून आलेला आहे. छिद्राचा व्यास तेवढ्या पटीने घटला की क्षेत्रफळ निम्मं होतं, म्हणून प्रकाशही निम्मा. यालाच एक स्टॉप म्हणायचं. १० स्टॉपचा काळा एनडी फिल्टर (लेन्सपुढे लावायची, प्रकाश अडवणारी काच) म्हणजे दोनचा दहावा घात, १०२४ पट कमी प्रकाश. १/६० सेकंदाचं एक्स्पोजर (प्रकाश आत घेण्याचा वेळ) त्याने साधारण १७ सेकंदांवर जातं आणि धबधब्याचं पाणी दुधासारखं दिसतं. गडबड होते ती क्रमात. फिल्टर लावल्यावर काळोखात ऑटोफोकस चाचपडत राहतो. म्हणून आधी फोकस, मग लेन्स मॅन्युअलवर, मग फिल्टर. आणि तो फिरवून बसवताना फोकसची रिंग हलली नाही ना, हे बघायचं. आरशाचा कॅमेरा (डीएसएलआर) असेल तर आयपीस, म्हणजे डोळा लावायची खिडकी, झाकायचा, नाहीतर मागून शिरलेला प्रकाश फोटोवर पट्टा उमटवतो.

समोर दगड, मागे डोंगर, दोन्ही रेखीव हवेत. नवखा माणूस डोंगरावर फोकस करतो आणि दगड मऊ येतो. इथे हायपरफोकल अंतर लागतं: फोकल लेंथचा (नाभीय अंतराचा) वर्ग भागिले (एफ-आकडा गुणिले ०.०३ मिलिमीटर). ठिपका सेन्सरवर ०.०३ मिलिमीटरपर्यंत पसरला तरी तो रेखीव धरायचा, अशी ही सूट. फुल फ्रेमवर (३६ × २४ मिमीच्या सेन्सरवर) २४ मिमी आणि एफ/११ साठी उत्तर येतं पावणेदोन मीटर. तिथे फोकस केला की सुमारे ९० सेंटिमीटरपासून अनंतापर्यंत चालून जातं. ‘चालून जातं’ असं मुद्दाम म्हटलं, कारण ०.०३ ही सूट लहान प्रिंटसाठी ठीक आहे. मोठी प्रिंट काढली की क्षितिज किंचित सैल दिसतं. त्यामुळे फोकस थोडा आणखी दूर करावा, किंवा दगडावर एक आणि डोंगरावर एक अशा दोन फ्रेम घेऊन जोडाव्यात. छिद्र एफ/२२ पर्यंत आवळणं हा उपाय नव्हे. तिथे विवर्तनाने, म्हणजे अरुंद छिद्रातून जाताना प्रकाश पसरल्याने, प्रकाशाचा ठिपका सुमारे ३० मायक्रॉनचा होतो, आणि २४ मेगापिक्सेलच्या फुल फ्रेम सेन्सरचा पिक्सेल असतो जेमतेम ६ मायक्रॉनचा.

शिकवण्याचं खरं काम इथेच सुरू होतं. ‘फोटो शार्प येत नाही’ ही तक्रार एक, कारणं चार. सगळी फ्रेम एकाच दिशेला ओढल्यासारखी दिसली तर कॅमेरा हलला: ट्रायपॉडचा मधला दांडा वर काढलेला असतो, किंवा खाली टांगलेली बॅग वाऱ्यात झुलते (टांगायचीच तर जमिनीला टेकवून). एकच अंतर धारदार आणि पुढचं-मागचं मऊ असेल तर फोकस चुकला. दगड स्वच्छ, फक्त पानं पुसट, तर वारा. आयएसओ (सेन्सरची संवेदनशीलता) वाढवून शटर वेगवान करायचं. सगळं सारखंच मऊ आणि छिद्र एफ/२२, तर विवर्तन. म्हणून विद्यार्थ्याकडून सजवलेला जेपेग घेऊ नये, रॉ फाइलच, म्हणजे कॅमेऱ्याने टिपलेली कच्ची नोंदच, मागावी. त्याशिवाय सल्ला देणं म्हणजे नाडी न बघता औषध देणं.

सूर्योदयाचा घोटाळा जरा लबाड असतो. हिस्टोग्राम (फोटोत काळं डावीकडे, पांढरं उजवीकडे असं किती आहे ते दाखवणारा आलेख) उजव्या कडेपासून दूर दिसतो, तरी केशरी आकाशाचा मधला भाग सपाट पिवळा येतो. तो हिस्टोग्राम सरासरी उजेडाचा असतो. लाल चॅनल कधीच भरून वाहिलेला असतो. लाल, हिरवा, निळा हे तिन्ही चॅनल वेगळे दाखवणारा हिस्टोग्राम चालू करायचा आणि एक्स्पोजर स्टॉपभर कमी घ्यायचं. सावल्या नंतर उचलता येतात, उडालेला लाल परत येत नाही.

शिकवण्यातून कलेची भाषा घडते, याचा मोठा दाखला अमेरिकन लँडस्केप फोटोग्राफर अॅन्सेल अॅडम्स (१९०२–१९८४). १९४० च्या सुमारास लॉस एंजेलिसच्या आर्ट सेंटर स्कूलमध्ये शिकवताना त्याने फ्रेड आर्चर या फोटोग्राफरबरोबर झोन सिस्टीम बसवली. काळ्यापासून पांढऱ्यापर्यंतच्या छटांचे टप्पे पाडले, की विद्यार्थ्याला शटर दाबण्याआधीच विचारता यावं: ही सावली कुठल्या टप्प्यावर हवी? आणि हो, त्याचंही घर बराच काळ कंपन्यांच्या व्यावसायिक कामांवर चालत होतं.

धड्याचं चित्रीकरण त्या मानाने सोपं. सेकंदाला २५ फ्रेम, शटर १/५०. वीज ५० हर्ट्झची असेल तर दिव्यांची फडफडही त्यात दिसत नाही. माइक हनुवटीखाली वीतभर अंतरावर, बाहेर असताना त्यावर केसाळ टोपी, रेकॉर्डिंगच्या मीटरवर आवाजाची पातळी उणे १२ डेसिबलच्या आसपास. चित्र थोडं कमी-जास्त झालं तर प्रेक्षक चालवून घेतात, पण वाऱ्याची घरघर कोणी ऐकत नाही.

पोट भरतं का, असं मुलं विचारतात. प्रिंट, वापराचे परवाने, अभ्यासक्रम असे तीन-चार झरे मिळून भरतं. ६००० पिक्सेल रुंदीची फाइल ३०० पीपीआयने (इंचाला ३०० पिक्सेल) २० इंच छापते. ती काळपट आली तर दोष बहुधा छापखान्याचा नसतो. आपला मॉनिटर फार उजळ असतो, तो चौरस मीटरला १२० कँडेलांच्या आसपास आणायचा. परवाना देताना कुठे, किती काळ आणि एकट्यालाच की इतरांनाही, हे तिन्ही लिहून घ्यायचं. करारात ‘सर्व हक्क’ हे शब्द दिसले की सहीचं पेन खाली ठेवायचं आणि आधी ती ओळ बदलून मागायची.