पाखंड्यांच्या वाटेनं: फ्वा ते केराल्त

ज्यांच्या नावानं ही वाट आखली आहे, त्यांना वारी मान्यच नव्हती. तेराव्या शतकातल्या दक्षिण फ्रान्समधले हे ‘सज्जन’ (विरोधक त्यांना कॅथार म्हणत) सांगायचे, की डोळ्यांना दिसणारं जग देवानं केलेलं नाही, तेव्हा संतांची हाडं, क्रूस, चर्चचे दगड यांत त्याला शोधू नका. त्यांच्या नादी लागलेल्यांना इन्क्विझिशननं, म्हणजे पाखंड शोधून काढणाऱ्या चर्चच्या न्यायालयानं, शिक्षा म्हणून मात्र वारीच फर्मावली. हलक्या अपराधाला ल प्वी, रोकामादूर अशी जवळची ठाणी. मोठ्याला रोम, सांतियागो, कँटरबरी, कोलोन. तिथं पोचल्याचं पत्र आणून दाखवायचं. शेतीची कामं सोडून माणूस महिनोन्‌महिने घराबाहेर, आणि खर्चही त्याचाच.

दक्षिण फ्रान्समधल्या फ्वाच्या किल्ल्यापासून पिरेनीज पर्वत ओलांडून स्पेनच्या कातालुन्यातल्या बेर्गाजवळच्या केराल्त देवस्थानापर्यंत ही वाट सुमारे दोनशे किलोमीटर भरते. कागदोपत्री ती जीआर १०७ (‘जीआर’ म्हणजे लांब पल्ल्याची पायवाट). तांबड्या-पांढऱ्या पट्ट्यांची खूण सोबत असते; त्याच दोन रंगांची फुली दिसली, की चुकीच्या फाट्यावर आहात असं समजायचं. आठ ते दहा मुक्काम पुरतात. आम्ही ती चाललो एका प्रश्नासाठी: डोंगरातल्या पाच-पन्नास घरांच्या गावांत पाखंड पोचलं कसं, आणि इतकी वर्षं टिकलं कसं? उत्तराचा मोठा भाग पायांखालीच असतो, कारण या मुळात मेंढ्यांच्या वाटा.

पहिला टप्पा फ्वा ते रोकफिक्साद. वाटेत दुकान नाही. पाणी आणि दोन वेळचं खाणं फ्वातूनच घ्यावं. मुक्काम ‘जीत’मध्ये, म्हणजे साध्या वाटसरूघरात; चादरीची पातळ पिशवी स्वतःची लागते, जेवण सात-साडेसातला एकाच पंक्तीत. शाकाहारी असाल तर आदल्या दिवशीच फोन करून सांगावं, तरी ताटात ऑम्लेट आणि चीज येईल याची तयारी ठेवावी. ‘सज्जनां’ची अडचण याहून मोठी होती. मांस, अंडी, दूध, चीज, चरबी सगळंच वर्ज्य. मासे, तेल आणि वाइन चालायची. दुसऱ्याच्या भांड्याला चरबी लागलेली असणार म्हणून त्यांतले कित्येक स्वतःचं भांडं घेऊन हिंडत. सोवळं सांभाळून प्रवास करणाऱ्या आपल्याकडच्या जुन्या लोकांना हे समजावून सांगावं लागलं नसतं. हे सगळे नियम फक्त दीक्षा घेतलेल्यांना होते. बाकीचे ‘विश्वासू’ चारचौघांसारखे खात-पीत, लग्न करत, रविवारी चर्चलाही जात आणि मरणाच्या दारात दीक्षा मिळावी एवढी आस ठेवत. धर्म टिकला तो या सैल बांधणीमुळे. झडती घेणाऱ्याची पंचाईतही तिनंच केली, कारण वरून बघून कोण कुठला ते कळत नसे.

रोकफिक्सादहून मोंसेग्यूर. १२०७ मीटर उंचीचा हा सुळका. पायथ्याच्या वाहनतळापासून वर जायला अर्धा-पाऊण तास लागतो. चुनखडीचा दगड पायांनी घासून गुळगुळीत झालाय. पाऊस पडून गेल्यावर उतरताना माणसं इथंच घसरतात, म्हणून सकाळी चढावं. वीज-वादळाची चिन्हं असली तर वर जाऊच नये.

वरचा किल्ला बघताना एक गोष्ट ध्यानात ठेवावी: तो कॅथारांचा नाही. १२४३-४४ च्या वेढ्यानंतर नव्या मालकांनी, लेव्ही घराण्यानं, बांधलेल्या किल्ल्याचे हे अवशेष. त्यामुळे अमुक दिवशी झरोक्यातून सूर्यकिरण येतो, म्हणजे हे सूर्यमंदिर, किंवा इथं येशूचा प्याला लपवला होता, या गोष्टी सोडून द्याव्यात. त्या काळातल्या वस्तीच्या पायऱ्या-पायऱ्यांच्या खुणा उत्तरेच्या अंगाला आहेत आणि तटापेक्षा त्याच बोलक्या आहेत. एवढ्या अरुंद कड्यावर सरदार, सैनिक, त्यांच्या बायका-मुलं आणि दीक्षित स्त्री-पुरुष भिंतीला भिंत लावून राहत होते.

मे १२४२ मध्ये इथल्याच काही सैनिकांनी आव्हिन्योने इथं मुक्कामाला असलेल्या इन्क्विझिटरांना (इन्क्विझिशनच्या न्यायाधीशांना) ठार मारलं. पुढच्या मे महिन्यात राजाच्या फौजेचा वेढा पडला, तो जवळपास दहा महिने चालला. पहाडी वाटा जाणणाऱ्या माणसांनी रात्री पूर्वेकडचं टोक घेतलं, तिथं दगडफेकी यंत्रं चढली आणि मार्च १२४४ च्या सुरुवातीला तह झाला. तहानंतर पंधरवडा मिळाला. सैनिकांना माफी, शपथेवर पाखंड सोडील त्यालाही माफी. त्या पंधरवड्यात वीसेक जणांनी दीक्षा घेतली, म्हणजे सुटायची वाट मोकळी असताना मरण पत्करलं. १६ मार्चला दोनशेहून जास्त माणसं जाळली गेली. पायथ्याच्या कुरणात स्मारकशिळा आहे, ती १९६० ची.

पुढं गॉर्ज द ला फ्रो ही घळ. भिंती उंच, ऊन उशिरा येतं, खालचे दगड कायम ओले. पावसानंतर इथं वेळ दीडपट धरावा. वर कोम्युस, आणि तिथून थोड्या अंतरावर मोंतायू.

मोंतायू बघायला दहा मिनिटं पुरतात: किल्ल्याचा पडका बुरूज, थोडी घरं, गावाबाहेर कार्नेसच्या मातेचं देऊळ. पण चौदाव्या शतकातल्या सामान्य शेतकऱ्यांबद्दल एवढं बारीक ज्ञान युरोपातल्या फार थोड्या गावांबद्दल आहे. कारण झाक फूर्निये. पामिएचा हा बिशप १३१८ ते १३२५ या काळात इन्क्विझिशन चालवत होता. पुढं तोच पोप बारावा बेनेडिक्ट झाला. ११४ माणसं, ५७८ जबान्या, आणि त्यांची वही व्हॅटिकनमध्ये जपलेली. जबानी ऑक्सितान बोलीत दिली जायची, कारकून ती लॅटिनमध्ये उतरवायचा आणि ‘मी’चा ‘तो’ करायचा. त्या वहीतलं वाक्य साक्षीदाराचं म्हणून उद्धृत करताना हा चाळणीचा हिशेब धरावाच लागतो.

या वहीत पंथाचं तत्त्वज्ञान कमी आणि घरं जास्त भेटतात. पाखंड इथं व्यासपीठावरून आलं नाही, चुलीपाशी आलं. कुणाच्या घरी रात्री ‘सज्जन’ उतरलाय हे नात्यातल्यांना माहीत, म्हणून एक घर वळलं की सोयरिकीतलं दुसरं वळायचं. सर्वांत बलदंड घर क्लेर्ग्यांचं. एक भाऊ बेर्नार, सरदाराचा कारभारी; दुसरा प्येर, गावचा पाद्री. पाद्रीच पाखंडाच्या बाजूचा, चर्चचा दशांश (उत्पन्नाचा दहावा भाग) त्याच घराच्या हातातून जायचा, आणि आपल्या वैऱ्यांना इन्क्विझिशनपुढं उभं करणाराही तोच. १३०८ मध्ये कार्कासोनच्या इन्क्विझिटरनं गावातली जवळजवळ सगळी वयात आलेली माणसं पकडून नेली, तेव्हा कोण सुटणार आणि कोण अडकणार यात या घराचा हात होता.

बेआत्रीस द प्लानिसोल ही किल्लेदाराची विधवा. १३२० मध्ये तिला पकडलं तेव्हा तिच्या सामानात नातवंडांची वाळलेली नाळ सापडली. खटला जिंकायला उपयोगी पडते म्हणून ठेवलेली. हा कॅथार विचारही नव्हे आणि चर्चचाही नव्हे. एकाच बाईच्या गाठोड्यात तीन-तीन समजुती सुखानं नांदत होत्या, आणि पाखंडाचे कप्पे पाडणारे नकाशे इथं हमखास फसतात.

दशांशाची तक्रार तर सगळीकडे. फूर्नियेनं कोकरांवरचा दशांश कसून वसूल करायला घेतला, तेव्हा डोंगरातल्या माणसाला चर्चविरोधी बोलायला वेगळ्या गुरूची गरज राहिली नाही. शिक्षेत पिवळे क्रूस असत: कापडाचे, छातीवर आणि पाठीवर शिवायचे, इन्क्विझिटर बेर्नार गीच्या पुस्तिकेप्रमाणे उभी पट्टी अडीच वीत, आडवी दोन वीत, रुंदी तीन बोटं. ते अंगावर असले की काम मिळेना, पोरीला स्थळ मिळेना. तारास्कोंचा एक पाथरवट सणाला ते घालायचा आणि कामाच्या दिवशी काढून ठेवायचा; तेही त्याच्यावरच्या आरोपांत आलं.

गोव्यातलं १५६० चं इन्क्विझिशन डोक्यात ठेवून इथं येऊ नये. ते पोर्तुगीज राजाच्या छत्राखालचं, कायमच्या कचेरीचं. इथलं म्हणजे पोपनं नेमलेली दोन-चार माणसं, कारकून आणि वह्या. धाक होता तो वहीचा, कारण तीस वर्षांपूर्वीचा जबाब काढून समोर ठेवता यायचा.

पुढचा मुक्काम आक्स-ले-तेर्म. गरम पाण्याचं उघडं कुंड चौकातच आहे. पाय बुडवून बसावं, फोड आले असतील तर मात्र टाळावं, कातडी मऊ होऊन दुसऱ्या दिवशी फाटते. दुकानं आणि औषधं घ्यायची ती इथंच, पुढं स्पेनमधल्या बेलव्हेरपर्यंत नीट बाजार नाही. प्येर ओतिए याच गावचा नोटरी. घरदार सोडून उत्तर इटलीतल्या लोंबार्दीत दीक्षा घेऊन आला आणि १३०० च्या सुमारास त्यानं विझत आलेला पंथ परत पेटवला. १३१० मध्ये तुलूझला त्याला जाळलं. आर्नो सिक्रही इथलाच. आई पाखंडी म्हणून जाळली गेली आणि घर जप्त झालं. ते परत मिळवायला त्यानं शेवटच्या ‘सज्जनां’पैकी एक, ग्यियोम बेलिबास्त, याला पिरेनीजपलीकडच्या आसऱ्यातून फसवून बाहेर काढलं आणि १३२१ मध्ये पकडून दिलं. जप्तीचा कायदा नसता तर हा हेर तयार झाला नसता.

आता डोंगर. मेराँसच्या पुढं प्वीमोरँची खिंड (१९२० मीटर), मग पोर्ता, आणि पोर्तेया ब्लांका (२५१७ मीटर). वरच्या बाजूला जूनमध्येही बर्फ सापडतं, म्हणून जुलै ते सप्टेंबर हाच काळ. दुपारी वादळं होतात. पहाटे निघून दुपारच्या आत खिंड ओलांडावी. कुरणांत पांढरे ‘पातू’ कुत्रे कळप राखतात. ते अंगावर आले तर पळू नये, काठी उगारू नये. थांबावं, हळू आवाजात बोलावं आणि कळपाला लांबून वळसा घालावा.

पळणारी माणसं याच धनगरी वाटांनी गेली. मोंतायूचा प्येर मोरी उन्हाळ्यात या बाजूच्या कुरणांत आणि हिवाळ्यात कातालुन्यात मेंढ्या न्यायचा. बेलिबास्तच्या लोकांना त्याचा आधार होता. मेंढपाळाला सीमा ओलांडायला कारण सांगावं लागत नसे, आणि सोबतचा अनोळखी माणूस चाकरीला ठेवलेला गडी म्हणून खपायचा. मोरीही शेवटी सापडलाच. १३२४ मध्ये त्याची जबानी झाली आणि तो कैदेत गेला.

पलीकडचा भाग चालायला सोपा: बेलव्हेर, कादी डोंगराची पेंदीस खिंड, बागा, गोसोल. पाखंडाच्या खुणा इथं विरळ आहेत. फ्वाच्या काउंटचा सासरा आर्नाउ द कास्तेल्बो आणि त्याची मुलगी एर्मेसेंदा यांना १२६९ मध्ये, मेल्यानंतर कितीतरी वर्षांनी, दोषी ठरवून त्यांची हाडं उकरली गेली. मेलेल्यावर खटला चालवायचं कारण तेच, वारसांच्या मालमत्तेवर हक्क. केराल्तहून बेर्गात उतरलं की बार्सेलोनाची थेट बस मिळते. रविवारी फेऱ्या कमी असतात, तेव्हा शेवटचा टप्पा शनिवारी संपेल असा हिशेब आधीच करावा.