तुम्ही विचारलंत म्हणून: बिबो त्या रात्री का आला नाही

"एवढं शिकवलंत त्याला, मग नरकासुराच्या रात्री तुम्ही हाका मारत होतात तेव्हा आला का नाही?"

दिवाळीच्या आदल्या रात्री आमच्याकडे नरकासुराचे पुतळे नाचवतात आणि पहाटे जाळतात. त्या रात्री माझा कुत्रा बिबो फटाक्यांना घाबरून पळाला, तेव्हापासून हा प्रश्न मला वाण्याच्या दुकानात विचारतात, देवळाच्या पायऱ्यांवर विचारतात, लग्नाच्या पंगतीतसुद्धा विचारतात. मी दोन वाक्यांत काहीतरी सांगते. ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर मात्र दिसतं की निकाल लागलेला आहे: म्हणजे शिकवणं फुकट गेलं. आता एकदा सगळं सांगते. मग पटलं नाही तरी चालेल.

बिबोला आमच्या वाड्यावर सगळे ओळखतात. बाहेरच्यांसाठी एवढंच, की आई इथलीच गावठी, बाप बहुधा कुणाच्या तरी घरचा पॉमेरेनियन. काजूच्या दिवसांत आला म्हणून बिबो, म्हणजे ओला काजू. मांजरापेक्षा थोडा मोठा, एका हाताने उचलता येतो. आणि उचलता येतो म्हणूनच लोकांना वाटतं की ह्याला शिकवायचं काय. मोठा कुत्रा अंगावर उडी मारतो तेव्हा सगळे मागे सरतात. हा मारतो तेव्हा हसतात, फोटो काढतात. मग तो उड्या मारतच राहतो, एक दिवस कुणाच्या लहान मुलाला नख लागतं किंवा दात लागतो, आणि त्या दिवसापासून कुत्रा सोप्याच्या खांबाला. आमच्या गोव्यातल्या फोंड्याकडच्या गावांत असे खांबाला बांधलेले लहान कुत्रे मी लहानपणापासून बघत आले आहे. बांधलेला कुत्रा येणाऱ्या-जाणाऱ्यावर भुंकतो, भुंकतो म्हणून तो चावरा ठरतो, आणि चावरा म्हणून सुटत नाही. 1960 च्या प्राण्यांना क्रूरतेने वागवण्यास प्रतिबंध करणाऱ्या कायद्यात कुत्र्याला अवाजवी वेळ आखूड किंवा जड साखळीने बांधून ठेवणं हा गुन्हा आहे. कायम बांधलेल्या कुत्र्याला फिरवून न आणणं हाही. वाड्यावर हे सांगितलं की म्हणतात, "बांदून दवर गो ताका, कायदो कोण पळयता?" बांधून ठेव गं त्याला, कायदा कोण बघतो?

मला बिबो सुटा हवा होता. त्याला 'बस', 'थांब', 'ये' आणि 'सोड' शिकवण्यामागे एवढंच कारण होतं. पोलिसांत धाडायचाय का, सर्कशीत पाठवायचाय का, हे विचारून झालं असेल तर हे कारणही ऐकून घ्या. सुटा ठेवायचा तर रस्त्याच्या कडेला थांबता आलं पाहिजे, फाटकातून आधी माणूस जाईल हे कळलं पाहिजे, तोंडातलं हाड सोडता आलं पाहिजे. ह्या चार शब्दांवर त्याचं सुटं राहणं उभं आहे.

शिकवलं कसं, हेही विचारतात, आणि तो प्रश्न मला आवडतो. लहान कुत्र्याला उभ्याने शिकवायला गेलं की सगळं चुकतं. आपण वाकलो की आपली सावली त्याच्यावर पडते, तो कान पाडून मागे जातो, आणि आपण म्हणतो हट्टी आहे. मी जमिनीवर बसले. उकडलेल्या कोंबडीचा वाटाण्याएवढा तुकडा त्याच्या नाकाशी धरला आणि हळूच डोक्याच्या मागच्या बाजूला नेला. नाक वर गेलं की बूड आपोआप खाली टेकतं. हात जरा उंच गेला तर तो मागच्या दोन पायांवर उभा राहतो, म्हणून हात अगदी कपाळाला लागून न्यायचा. बूड टेकलं त्याच क्षणी शाबासकी आणि तुकडा. उशीर झाला तर तो तोवर उठलेला असतो आणि उठण्याचं बक्षीस घेतो. 'बस' हा शब्द मी नंतर लावला, तो हाताच्या खुणेवर बसायला लागल्यावर. सराव नेहमी दोन-चार मिनिटांचा, त्याला कंटाळा यायच्या आत संपणारा.

आणि स्वयंपाकघरात शिकलेलं 'बस' सोप्यावर चालत नाही. सोप्यावरचं अंगणात नाही, अंगणातलं देवळाच्या रस्त्यावर नाही. कुत्रा शब्द एकटा शिकत नाही, त्या वेळचा सगळा भोवताल शिकतो. प्रत्येक जागी पुन्हा पहिल्यापासून. सकाळी पोदेर, म्हणजे पाववाला, भोंगा वाजवत आला की आमचं सगळं शिकवणं उडून जायचं, म्हणून मी पोदेराच्याच वेळेला सराव घ्यायला लागले. आधी लांबून, मग फाटकापाशी.

मधे एकांनी घरी येऊन शिकवायची तयारी दाखवली होती. त्यांनी पिशवीतून गळ्याला आवळणारी साखळी काढली आणि सांगितलं, मालक कोण हे त्याला कळू दे, लांडग्यांत असंच असतं. मी त्यांना चहा दिला आणि साखळी परत पिशवीत ठेवायला सांगितली. लहान कुत्र्यांची श्वासनलिका नाजूक असते, गळ्यावर हिसका बसला की खोकला मागे लागतो. म्हणून बिबोला मी छातीवरचा पट्टा घालते. आणि ते लांडग्यांचं म्हणाल, तर लांडगे कळपात लढून पुढारी होतात असं प्राण्यांचे अभ्यासक रुडॉल्फ शेंकेल यांनी 1947 मध्ये लिहिलं ते बंदिस्त ठेवलेल्या लांडग्यांबद्दल. लांडग्यांचे अभ्यासक एल. डेव्हिड मेक यांनी आधी स्वतःच ती कल्पना पसरवली होती, पण जंगलातले लांडगे वर्षानुवर्षं पाहून त्यांनी 1999 मध्ये लिहिलं, की रानातला कळप म्हणजे आईबाप आणि त्यांची पिल्लं. लढून गादी मिळवलेला पुढारी तिथे नसतो. ज्याने पसरवलं त्याने मागे घेतलं, तरी आमच्याकडे अजून त्याच नावाने साखळ्या आवळतात. ह्याचा मला राग येतो, आणि तो लपवायची मला गरज वाटत नाही.

आता ती रात्र.

वाड्यावरच्या मुलांचा नरकासुर तिठ्यावर उभा होता. संध्याकाळपासून गाणी चालू होती. बिबो आतल्या खोलीत पलंगाखाली होता, खिडक्या बंद, पंखा मोठा. मुलं वर्गणीला आली. दार उघडलं, फाटक त्यांनी उघडंच ठेवलेलं होतं, आणि नेमकी त्याच वेळी शेजारच्या अंगणात फटाक्यांची माळ लागली. आतल्या खोलीचं दार ढकलून तो बाहेर आला आणि मुलांच्या पायांमधून गेला. मी फाटकापर्यंत पळाले आणि हाक मारली, "बिबो, ये!"

तो वळला. हे मी कुणाला सहसा सांगत नाही. तो थांबला, वळला, माझ्याकडे बघितलं. मला वाटलं आला. मग तिठ्यावर दुसरा बार झाला आणि तो खाली कुळागराच्या, म्हणजे पोफळींच्या बागेच्या, दिशेने गेला. लोक म्हणतात त्याला गोंगाटात ऐकू आलं नसेल. ते मला बरं वाटावं म्हणून म्हणतात. त्याने ऐकलं होतं. माणसाला साधारण 20,000 हर्ट्झपर्यंतचा आवाज ऐकू येतो, कुत्र्याला 45,000 च्या आसपासपर्यंत. त्याला माझ्यापेक्षा कितीतरी जास्त ऐकू येत होतं.

रात्रभर शोधलं. वाडा आला मदतीला, हे मी कधी विसरणार नाही. जी मुलं नरकासुर नाचवत होती त्यातली काही टॉर्च घेऊन आली. सगळेच ओरडत होते, "बिबो ये, बिबो ये." पोफळींमधून तोच शब्द वेगवेगळ्या आवाजांत येत होता, वर बार चालू होते. मीही ओरडत होते. माझा आवाज शेवटी शेवटी रडका आणि चिडका झाला होता. त्या आवाजात मी त्याला पूर्वी कधी बोलावलं नव्हतं.

पहाटे नरकासुर जाळला. मग शांत झालं. फुलं काढायला गेलेल्या मावशींनी सांगितलं की पाटाच्या मोरीत काहीतरी पांढरं दिसतंय. मी गेले. तो मोरीच्या आत बसला होता, अंग चिखलाने भरलेलं. माझ्यापासून वीसेक पावलांवर. मी अगदी हळू म्हटलं, "ये."

तो आणखी आत सरकला.

ज्या शब्दावर तो जेवण टाकून धावत यायचा, त्या शब्दाला तो घाबरला होता. मला तेव्हा वाईट वाटलं नाही, वाईट नंतर वाटलं. तेव्हा फक्त एवढं सुचलं की आता बोलायचं नाही. घाबरलेला कुत्रा पुष्कळदा ओळखीच्या माणसापासूनही लपतो. समोरून चालत जाणं, डोळ्यांत बघणं, हात पुढे करणं, हे सगळं त्याला धोक्याचं वाटतं. मी त्याच्याकडे पाठ करून ओल्या दगडांवर बसले. तुकडे मागे टाकले, त्याने घेतले नाहीत. मागून कुणी येत होतं त्यांना हातानेच थांबवलं. किती वेळ बसले ते सांगता येणार नाही. मग माझ्या कमरेला काहीतरी टेकलं. तो थरथरत होता. नखं दोन-तीन तुटली होती, पंजे सोलवटलेले. डॉक्टरांनी तपासलं, हाड मोडलेलं नव्हतं.

तर तो आला. बोलावल्यावर नाही, बोलवायचं थांबवल्यावर.

तुमच्या प्रश्नाचं माझ्याकडचं उत्तर असं. 'ये' ही शिकलेली गोष्ट आहे आणि भीती शिकलेलं सगळं बाजूला सारते. बुडणाऱ्या माणसाला पाढे विचारून तो सांगत नाही म्हणून त्याला पाढे येत नाहीत असं कुणी म्हणत नाही. कुत्रा किती घाबरलाय हे ओळखायची एक साधी खूण आहे: आवडता खाऊ नाकाशी धरा. घेत नसेल, तर त्या क्षणी कुठलीही आज्ञा देण्यात अर्थ नाही, आणि न ऐकल्याची शिक्षा करण्यात तर मुळीच नाही.

पण माझ्या आतली पूर्वीची बाई हे उत्तर मान्य करत नाही. ती म्हणते, भर पावसात तुळशीकडे जाणाऱ्या वाटेवर घोणस पसरली होती तेव्हा 'थांब' म्हटल्यावर तो जागच्या जागी थांबला की नाही? थांबला. म्हणजे धोक्यात आज्ञा चालते. मी तिला सांगते, त्या दिवशी तो घाबरलेला नव्हता, त्याला कुतूहल होतं. सरावाने कुतूहल आवरता येतं, घबराट आवरता येत नाही. ती म्हणते, मग तू वाड्यावर सांगत फिरायचीस की 'ये' पक्कं आहे, आता साखळीची गरज नाही, ते काय होतं? ह्यावर मी गप्प होते. पक्कं होतं, त्या रात्रीपर्यंत पक्कंच होतं. आणि बांधलेला असता तर तो गेला नसता, हेही खरं आहे. हे मी आजवर मोठ्याने म्हटलं नव्हतं.

'ये' मी पुन्हा वापरला नाही. त्या शब्दात आता बार आहेत, माझा तो आवाज आहे. शिट्टी आणली. शिट्टी चिडत नाही, रडत नाही, कुणीही वाजवली तरी तीच वाजते. पहिले दिवस फक्त शिट्टी आणि लगेच कोंबडी, तो माझ्या पायाशीच उभा असताना. मग दुसऱ्या खोलीतून. मग अंगणातून, लांब दोरी लावून. शिट्टी वाजवून त्याला कधी अंघोळीला नेलेलं नाही, औषध पाजलेलं नाही, नखं कापलेली नाहीत. त्यासाठी मी उठून त्याच्यापाशी जाते. बारांचा आवाज फोनवर अगदी बारीक लावून बाजूला खाऊ देते, त्याने खाऊ नाकारला की आवाज कमी करते. हे काम आठवड्यांचं नाही, महिन्यांचं आहे. दिवाळीसाठी डॉक्टर औषध देणार आहेत. माणसांची झोपेची गोळी मनाने देऊ नका, हे त्यांनी दोनदा बजावलं. आणि जे मला सांगतात की घाबरल्यावर जवळ घेऊ नका, भीती वाढते, त्यांना सांगते: जवळ घेतल्याने भीती वाढत नाही. त्याला यायचं असेल तर येऊ द्या.

शेजारचे काका म्हणतात, "वर्षभर सुटा ठेव, मी काही म्हणत नाही. पण ती एक रात्र बांध." मी म्हणते, आतल्या खोलीत ठेवीन, आतून कडी घालून, आणि रात्रभर त्याच्यासोबत बसेन. ते म्हणतात, "मग कोंडणं आणि बांधणं ह्यात फरक काय?" मी म्हणते, मी आत असते हा फरक आहे. ते म्हणतात, "बांधून त्याच्या शेजारी बस की." ह्यावर मला अजून उत्तर सुचलेलं नाही. कडी मात्र सुतार येत्या रविवारी बसवणार आहे.