एमबीबीएसचा प्रवेश: गुणांइतकेच कागद आणि पसंतीक्रम

२०२४ च्या नीट परीक्षेतून मला अंबाजोगाईच्या स्वामी रामानंद तीर्थ ग्रामीण शासकीय वैद्यकीय महाविद्यालयात एमबीबीएसला प्रवेश मिळाला. माझे घर धाराशिव जिल्ह्यातले, शेतकरी, आणि आमच्या भावकीत माझ्याआधी डॉक्टर कोणी झालेले नाही. त्यामुळे या प्रवेशाला नेमके काय लागते हे सांगणारे घरात कोणी नव्हते. नीटला चांगले गुण मिळाले की जागा मिळते, एवढेच आम्हाला ठाऊक होते. गुणांशिवाय काहीच होत नाही हे खरेच आहे. परंतु गुण हातात आल्यानंतरही जागा मिळणे किंवा हुकणे ज्या गोष्टींवर ठरते, त्या आमच्यासारख्या घरांना बहुधा सर्वांत शेवटी कळतात, आणि म्हणूनच हा अनुभव मी सविस्तर लिहीत आहे.

दहावीपर्यंत मी जिल्हा परिषदेच्या आणि नंतर गावातल्या मराठी माध्यमाच्या शाळेत शिकले. अकरावी-बारावीला लातूरला राहिले. राज्य मंडळाच्या विद्यार्थ्यांपुढची पहिली अडचण पुस्तकांची असते. बारावीची परीक्षा राज्य मंडळाच्या पुस्तकांवर होते, तर नीटचा प्रश्न एनसीईआरटी या केंद्रीय संस्थेच्या पाठ्यपुस्तकांच्या वाक्यावाक्यातून निघतो. एमबीबीएससाठी बारावीचे महत्त्व पात्रतेपुरतेच असते: भौतिकशास्त्र, रसायनशास्त्र आणि जीवशास्त्र मिळून खुल्या प्रवर्गाला ५० टक्के आणि राखीव प्रवर्गाला ४० टक्के गुण हवेत, आणि इंग्रजीत उत्तीर्ण असावे लागते. गुणवत्ता यादी मात्र केवळ नीटवर लागते. हे लक्षात आल्यावर मी एनसीईआरटी हे मुख्य पुस्तक मानले आणि मंडळाच्या परीक्षेचा अभ्यास शेवटच्या काही आठवड्यांत केला. नीटच्या ७२० गुणांपैकी ३६० गुण एकट्या जीवशास्त्राचे असतात आणि गुण समान झाल्यास क्रम लावतानाही जीवशास्त्राचे गुण आधी पाहिले जातात. तरीही माझ्या पाहण्यात शासकीय जागा मिळणारा आणि थोडक्यात हुकणारा यांच्यातला फरक बहुतेक वेळा भौतिकशास्त्रात पडतो, कारण जीवशास्त्र सगळ्यांचेच चांगले असते. नीटची प्रश्नपत्रिका मराठीतूनही मिळते. परंतु अकरावीपासूनच्या सगळ्या संज्ञा इंग्रजीतून पाठ झालेल्या असल्याने आणि भाषांतरात फरक आढळल्यास इंग्रजी प्रश्नच ग्राह्य धरला जात असल्याने मी इंग्रजी निवडले. हा निर्णय अकरावीतच घ्यावा, असे मला वाटते.

एनसीईआरटीची कोणत्या वर्षाची आवृत्ती वाचली, याला किती महत्त्व असू शकते हे ५ मे २०२४ च्या पेपरात दिसले. भौतिकशास्त्रात अणूविषयी दोन विधाने दिली होती. त्यांतले दुसरे असे होते की प्रत्येक मूलद्रव्याचे अणू स्थिर असतात आणि आपला वैशिष्ट्यपूर्ण वर्णपट देतात. जुन्या आवृत्तीत हे वाक्य तसेच होते, नव्या आवृत्तीत मात्र ‘प्रत्येक’ऐवजी ‘बहुतेक’ असा बदल झाला होता. माझ्याकडे नवी प्रत होती म्हणून मी ते विधान चुकीचे धरले. जुन्या पुस्तकावरून ते बरोबर धरणाऱ्यांनाही आधी गुण देण्यात आले. पुढे प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले, आयआयटी दिल्लीच्या तज्ज्ञांनी एकच उत्तर बरोबर असल्याचे सांगितले, आणि त्या विद्यार्थ्यांचे बरोबर उत्तराचे चार आणि चुकीच्या उत्तराचा एक असे पाच गुण गेले. त्यांनी वाचलेले पुस्तकही अधिकृतच होते, याचे मला आजही वाईट वाटते.

४ जूनला निकाल लागला तेव्हा माझे गुण साडेसहाशेच्या थोडे वर होते. घरात आनंद झाला आणि तासाभरात तो मावळला, कारण देशातला क्रमांक आदल्या वर्षी तेवढ्याच गुणांना मिळालेल्या क्रमांकाच्या कितीतरी खाली होता. अभ्यासक्रम कमी झालेला, परीक्षार्थी वाढलेले, आणि ६७ जणांना पैकीच्या पैकी गुण. पेपरफुटीच्या बातम्या, १,५६३ विद्यार्थ्यांचे वाढीव गुण रद्द होऊन त्यांना दिलेली फेरपरीक्षेची संधी, न्यायालयातल्या तारखा, यांत जुलै गेला. २३ जुलैला न्यायालयाने परीक्षा रद्द करण्यास नकार दिला आणि २६ जुलैला सुधारित निकाल आला. त्यात पैकीच्या पैकी गुणांचे विद्यार्थी १७ उरले होते. या काळात पुन्हा अभ्यासाला बसावे की नाही हे कोणालाच कळत नव्हते. आमच्या भौतिकशास्त्राच्या सरांनी सांगितले, ‘‘पेपर पुन्हा होईल की नाही ते आपल्या हातात नाही, तू कागदांची फाईल पूर्ण कर.’’ ते मी ऐकले, आणि ते ऐकल्यामुळेच पुढचे सोपे झाले.

येथे सर्वांत मोठी गोष्ट राज्याच्या कोट्याची आहे. शासकीय महाविद्यालयांतल्या १५ टक्के जागा अखिल भारतीय कोट्यात जातात आणि ८५ टक्के राज्याकडे राहतात. या ८५ टक्क्यांसाठी महाराष्ट्राचे अधिवास प्रमाणपत्र तर लागतेच, शिवाय दहावी आणि बारावी दोन्ही महाराष्ट्रातून उत्तीर्ण असावे लागते. याला काही ठरावीक अपवाद आहेत, पण सामान्य शेतकऱ्याच्या मुलाला ते लागू होत नाहीत. माझ्या मैत्रिणीच्या भावाला घरच्यांनी मोठ्या हौसेने हैदराबादला ठेवले आणि त्याची बारावीही तिथूनच झाली. त्याला माझ्याहून अधिक गुण होते, पण महाराष्ट्राच्या कोट्याचे दार त्याच्यासाठी बंद झाले आणि अखिल भारतीय कोट्यात त्या गुणांवर काही लागले नाही. शिकवणी कोठेही लावावी, परंतु बारावीचा प्रवेश कोणत्या राज्यात घेतला जात आहे हे पालकांनी आधी पाहावे. आमच्या भागातले जुने लोक अजूनही ‘सत्तर-तीस’विषयी विचारतात. मराठवाडा, विदर्भ आणि उर्वरित महाराष्ट्र असे प्रादेशिक वाटप करणारी ती पद्धत २०२० मध्ये रद्द झाली असून आता सगळ्या राज्याची यादी एकच लागते.

मी माळी समाजाची, म्हणजे इतर मागासवर्गाची. राज्याच्या कोट्यात या प्रवर्गाला १९ टक्के जागा आहेत आणि त्यांतही मुलींसाठी ३० टक्के समांतर आरक्षण आहे. परंतु नुसते जातीचे प्रमाणपत्र येथे चालत नाही, पडताळणी समिती पुरावे तपासून देते ते जात वैधता प्रमाणपत्र लागते. ते मिळवणे ही आमच्या घराची खरी परीक्षा ठरली. इतर मागासवर्गासाठी १३ ऑक्टोबर १९६७ पूर्वीची जातीची नोंद वडिलांकडच्या रक्तनात्यातून दाखवावी लागते. भटक्या-विमुक्तांसाठी ही तारीख २१ नोव्हेंबर १९६१ आणि अनुसूचित जातींसाठी १० ऑगस्ट १९५० अशी आहे. वडिलांची, चुलत्यांची किंवा आत्याची वैधता आधी झालेली असेल तर काम पुष्कळ सोपे होते. आमच्या घरात कोणाचीच झालेली नव्हती, कारण कोणाला तिची गरजच पडली नव्हती.

बाबांचा शाळेचा दाखला १९६७ नंतरचा. आजोबा शाळेत गेलेच नाहीत. मग बाबांना आठवले की आजोबांचे धाकटे भाऊ शेजारच्या गावात दोन-तीन वर्षे शाळेत जात होते. त्या शाळेत आम्ही गेलो तेव्हा मुख्याध्यापकांनी लोखंडी कपाटातून जुने प्रवेश-निर्गम रजिस्टर काढले. कडा कुरतडलेल्या, शाई तपकिरी झालेली, आणि पाने इतकी जीर्ण की सर प्रत्येक पानाखाली हात घालून ते उलटत होते. १९५५ च्या पानावर आमच्या चुलत आजोबांचे नाव सापडले. पुढे वडिलांचे नाव, जन्मतारीख अंदाजे, आणि जातीच्या रकान्यात ‘माळी’. आडनाव मात्र आज आम्ही लावतो त्याहून थोडे वेगळे लिहिलेले होते. ही दोन्ही नावे एकाच घराण्याची आहेत हे दाखवण्यासाठी वंशावळीचे शपथपत्र, जमिनीच्या जुन्या फेरफाराच्या नकला आणि गाव नमुना १४ मधली जन्माची एक नोंद जोडावी लागली. मराठवाड्यात निजामाच्या काळातल्या पुष्कळ नोंदी उर्दूत आहेत आणि त्या जोडायच्या तर आधी भाषांतर करून घ्यावे लागते. आमच्या फेरफाराच्या एका नकलेच्या बाबतीत तेही करावे लागले. अर्ज बारावीत असतानाच कनिष्ठ महाविद्यालयाच्या पत्रासह जिल्हा जात पडताळणी समितीकडे दिला होता. मध्ये एकदा त्रुटी निघाली, ती दूर केली, आणि निकालाच्या आधी वैधता हाती आली. निकालानंतर धावपळ करणाऱ्या अनेकांना मी नंतर पाहिले. त्यांच्याकडे पुरावे होते, पण त्यांचे नाव प्रवेशाच्या त्या फेरीत खुल्या प्रवर्गातच राहिले.

नॉन-क्रीमिलेयरचे, म्हणजे घरचे उत्पन्न ठरलेल्या मर्यादेच्या आत असल्याचे, प्रमाणपत्र त्या मानाने सोपे, पण त्याची मुदत ३१ मार्चला संपते हे ध्यानात ठेवावे लागते. जुने प्रमाणपत्र जोडले तर पडताळणीत अडते. दुसरे असे की अखिल भारतीय कोट्यात इतर मागासवर्गाला २०२१ पासून २७ टक्के आरक्षण आहे, पण त्यासाठी केंद्राच्या नमुन्यातले वेगळे प्रमाणपत्र लागते आणि आपली जात केंद्राच्या यादीतही असावी लागते. आम्ही दोन्ही प्रमाणपत्रे एकाच वेळी काढून घेतली. राष्ट्रीयत्व, अधिवास, शाळा सोडल्याचा दाखला, वैद्यकीय तंदुरुस्तीचा दाखला, हे बाकीचे कागद तहसील आणि महाविद्यालयाच्या नेहमीच्या वाटेने मिळतात.

कागद झाले की पसंतीक्रम येतो, आणि माझ्या मते याच टप्प्यावर सर्वांत जास्त विद्यार्थी चुकीचा सल्ला ऐकतात. प्रवेशप्रक्रिया चालवणाऱ्या राज्याच्या सीईटी कक्षाकडे नोंदणी झाल्यावर राज्याच्या गुणवत्ता यादीतला क्रमांक, म्हणजे आम्ही ज्याला एसएमएल म्हणतो तो, मिळतो आणि मग महाविद्यालयांची यादी भरायची असते. गावात आणि ओळखीत सगळे सांगत होते की मोठी नावे वर टाकू नकोस, जागा वाया जाईल. परंतु संगणक आपली यादी वरून खाली पाहत येतो आणि आपल्या क्रमांकाला जिथे पहिली जागा रिकामी दिसते ती देतो. वर भरलेले न मिळाल्याने खालचे हातचे जात नाही. म्हणून मी आदल्या वर्षाच्या फेऱ्यांचे शेवटचे क्रमांक वहीत उतरवले आणि सरांबरोबर बसून यादी केली. गुणांची तुलना त्या वर्षी निरुपयोगी होती, राज्यातल्या क्रमांकाची तुलना तेवढी कामाची होती. सर्वांत वर परळचे सेठ जी. एस., भायखळ्याचे ग्रँट, पुण्याचे बी. जे. लिहिले, ते मिळणार नाही हे माहीत असूनही. त्यानंतर संभाजीनगर, सोलापूर, लातूर, अंबाजोगाई, नांदेड, आणि शेवटी विदर्भातली महाविद्यालये. आईला मी जवळ हवी होते, म्हणून तिचा आग्रह धाराशिवचा होता. अंबाजोगाईचे महाविद्यालय १९७४ पासून ग्रामीण रुग्णांसाठी चालत आले आहे आणि तिथे रुग्णसंख्या मोठी आहे, म्हणून मी ते वर ठेवले. शिकायला रुग्ण लागतात, हे सरांचे म्हणणे आईलाही पटले.

पहिल्या फेरीत मला चंद्रपूर लागले. तिथे जाऊन प्रवेश घेतला, पण स्टेटस रिटेन्शनचा अर्ज भरला नाही. तो अर्ज भरला की मिळालेली जागा पक्की होते आणि पुढच्या फेऱ्यांतून आपले नाव निघते. न भरल्यास पुढच्या फेरीत वरची जागा मिळू शकते, मात्र ती मिळाली की आधीची आपोआप जाते. म्हणून जिथे खरोखर जायचे आहे तेवढीच नावे दुसऱ्या फेरीत भरायची. त्या वर्षी राज्यात हिंगोली, जालना, बुलढाणा, वाशीम, गडचिरोली अशी १० नवी शासकीय महाविद्यालये सुरू झाली आणि एकूण ९०० जागांची भर पडली. जागा वाढल्या की सगळी यादी पुढे सरकते. दुसऱ्या फेरीत मला अंबाजोगाई मिळाले. मूळ कागदपत्रे चंद्रपूरहून आणून इथे जमा केली आणि या वेळी स्टेटस रिटेन्शनचा अर्ज भरून दिला.

त्याच जुलैमध्ये राज्य शासनाने आठ लाखांपर्यंत उत्पन्न असलेल्या घरातल्या, इतर मागास, आर्थिक व सामाजिक-शैक्षणिक मागास प्रवर्गांतल्या मुलींना व्यावसायिक अभ्यासक्रमांचे शिक्षण व परीक्षा शुल्क पूर्ण माफ केले होते. त्याचा लाभ मला मिळाला आणि बाबांना कर्ज काढावे लागले नाही. प्रवेशाच्या वेळी पदवीनंतर एक वर्ष शासकीय सेवा करण्याचे बंधपत्र लिहून द्यावे लागते, न केल्यास १० लाख रुपये भरावे लागतात. मला ती सेवा करायचीच आहे, त्यामुळे सही करताना विचार करावा लागला नाही.

धाकटा भाऊ यंदा अकरावी विज्ञानाला आहे. त्याच्या वैधतेच्या अर्जाला १९५५ च्या नोंदीबरोबर माझे वैधता प्रमाणपत्र पुरावा म्हणून जोडले आहे. बारावी लातूरलाच करायची हे त्याने ठरवले आहे.