निरंक

दुसऱ्या दिवशी नरक चतुर्दशी होती आणि मी फाइल बगलेत मारून पुण्यातल्या एका निवडणूक निर्णय अधिकाऱ्यांसमोर उभी होते. ३० ऑक्टोबर २०२४, विधानसभेच्या अर्जांची छाननी. माझ्या पक्षकाराला दोन अर्ज बाद करून हवे होते, एक तगडा आणि एक किरकोळ. किरकोळ कशाला, असं विचारलं तर म्हणाला, "आमच्याच वस्तीतला आहे, पाचशे मतं खाईल."

तगड्यावर माझी खरी मेहनत होती. फ्लॅटचे पैसे घेऊन ताबा दिला नाही, अशी त्याच्याविरुद्ध कलम ४२० ची, म्हणजे फसवणुकीची, खासगी फिर्याद होती. ई-कोर्ट्स या कोर्टांच्या वेबसाइटवर नाव शोधायचं तर आपल्या आडनावाचं स्पेलिंग टाइप करणाऱ्याच्या मर्जीवर. सात स्पेलिंगं वाया गेली, आठव्याला सापडला. शिवाजीनगर कोर्टातून रोजनाम्याची, म्हणजे तारीखवार नोंदींची, प्रमाणित नक्कल काढली. प्रोसेस इश्यू झालेली, म्हणजे कोर्टाने दखल घेऊन समन्स काढलेलं, आणि पुढे तारखेमागून तारीख एकच ओळ: समन्स बजावणी नाही, आरोपी मिळून आला नाही. चौकाचौकात याचे फ्लेक्स, आणि समन्स घ्यायला हा मिळून येत नाही!

उमेदवाराच्या शपथपत्राच्या, म्हणजे नमुना २६ च्या, पाचव्या मुद्द्यावर त्याने 'फौजदारी प्रकरण प्रलंबित नाही' यापुढे टिक केली होती. मी सतीश उके विरुद्ध देवेंद्र फडणवीस हा २०१९ चा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल पुढे ठेवला. आरोप निश्चित झाले नसले तरी कोर्टाने दखल घेतलेलं प्रकरण सांगावंच लागतं. समोरचे वकील म्हणाले, समन्सच मिळालं नाही तर अशिलाला माहीत कसं असणार? साहेबांनी नक्कल उलटसुलट पाहिली. "मॅडम, रकाना भरलाय ना? खरं-खोटं ठरवणं माझ्याकडे नाही. खोट्या शपथपत्रासाठी लोकप्रतिनिधित्व कायद्याचं कलम १२५अ आहे, कोर्टात जा." अर्ज वैध.

मग किरकोळ. एसटीतला निवृत्त कंडक्टर, सोबत वकील नाही. पहिल्या शपथपत्रातल्या कोऱ्या जागांबद्दल त्याला नोटीस मिळाली होती. बिचाऱ्याने धावपळ करून नवं नोटरी केलं, पण कर्जांच्या तक्त्यात 'हिंदू अविभक्त कुटुंब' हा रकाना कोराच राहिला. माझ्याकडे २०१३ चा रिसर्जन्स इंडिया निकाल तयार होता: सांगूनही रकाने कोरे ठेवले तर मतदाराचा जाणून घेण्याचा हक्क डावलला जातो, अर्ज फेटाळता येतो. पाच मिनिटांत फेटाळला.

बाहेर तो माझ्याशीच बोलायला आला. राग नव्हता, त्यामुळे जास्तच अवघड झालं. "बाई, आमच्या वाटण्या चौऱ्याण्णवलाच झाल्या. मग तिथं लिहायचं काय?"

"निरंक," मी म्हणाले.

"एवढंच?"

साहेब कायद्याने बरोबर होते. दोन्ही वेळा. तेच डाचतं. चुकले असते तर त्यांना दोष देऊन मोकळी झाले असते.

पुढे तगडा पडला, माझा पक्षकारही पडला. तगडा निवडून आला असता तर ४५ दिवसांत उच्च न्यायालयात निवडणूक याचिका करता आली असती, पण पडलेल्याची निवड रद्द कोण करणार? उरलं १२५अ. सहा महिने कैद किंवा दंड किंवा दोन्ही, म्हणजे फिर्यादीची मुदत एक वर्ष. मी मसुदा तयार करून पक्षकाराला फोन केला. "जाऊ द्या मॅडम, आता आम्ही एकाच गटात आहोत."

फिर्याद द्यायला उमेदवारच लागतो असं नाही. मीही देऊ शकले असते. फी कोण देणार, तारखा कोण करणार, असं म्हणत दिवाळी आली, आणि मुदत गेली. कोऱ्या रकान्यासाठी मात्र मी पाच मिनिटांत निकाल काढून दाखवला होता.

परवा सहज ई-कोर्ट्स उघडलं. आठवं स्पेलिंग आता पाठ आहे. प्रकरण अजून समन्सवरच आहे.