मामांना द्रासला नेलं, तेव्हा

पोळा झाला होता, सोयाबीन काढायला अवधी होता. मामा म्हणाले, "आता नेलंस तर नेलंस. पुढल्या साली गुडघे ऐकायचे नाहीत."

१९९९ साली मामा कारगिलला तोफखान्यात होते, दारूगोळ्याच्या गाडीवर ड्रायव्हर. परभणीत कुणी विचारलं तर "होतो तिकडं" एवढंच सांगत.

बीपीच्या गोळ्या चालू, त्यामुळं डॉक्टरांनी बजावलं होतं : टप्प्याटप्प्यानं चढा. सचखंड एक्स्प्रेसनं दिल्ली, पुढं विमानानं श्रीनगर. तिथं दोन दिवस, मग सोनमर्गला एक मुक्काम. गाडीवाला एका दिवसात द्रास करून परत आणतो म्हणत होता. ऐकलं नाही ते बरंच झालं. श्रीनगरला उतरल्याबरोबर माझा फोन मुका झाला. बाहेरचं प्रीपेड सिम तिकडं चालत नाही, पोस्टपेड लागतं. मामी इकडं काळजीनं अर्ध्या झालेल्या.

साडेअकरा हजार फुटांवरच्या झोजीलात मी दरीच्या बाजूला बघायचंच सोडलं. मामा मात्र ड्रायव्हरच्या गिअरकडं लक्ष ठेवून. "बरा चालवतो," म्हणाले. मामांकडून एवढं म्हणजे फार झालं.

द्रासचं स्मारक तोलोलिंगच्या पायथ्याला, रस्त्याला लागूनच. फाटकावर आधारकार्ड दाखवलं. त्या लढाईत आपले ५२७ जण गेले. नावांच्या गुलाबी दगडी भिंतीसमोर मामा रडतील म्हणून मी खिशात रुमाल तयार ठेवला होता. ते रडले नाहीत. एकेक नाव वाचत सरकत राहिले, दोन ठिकाणी थांबले. कुणाची नावं, ते मी विचारलं नाही.

मग मामा पुन्हा रस्त्यावर आले आणि डोंगराकडं बोट केलं.

"ते वर बसलेले. हा रस्ता त्यांना तळहातासारखा दिसायचा. दिवसा गाडी निघाली की गोळा आलाच. म्हणून रातच्याला जायचं, दिवे बंद करून. बाजूला दरी, मागं गाडीभर गोळे. १३ जूनला आपल्या लोकांनी तोलोलिंग घेतलं, तवा कुठं श्वास घेतला."

पंचवीस वर्षांत एवढं सलग ते पहिल्यांदाच बोलले असतील.

मुक्काम द्रास गावात होता. निघेपर्यंत अंधारून आलं. ड्रायव्हरनं हेडलाईट लावले, तसे मामा पुढं झुकून म्हणाले, "बंद करो."

ड्रायव्हरनं मागं वळून माझ्याकडं बघितलं. मी मानेनंच नको म्हटलं. मामा खिडकीबाहेर बघत बसले.