क्फ्येचेनची कंबर

मणक्यातली चकती सरकली आणि मी तीन आठवडे आडवा झालो. पुस्तक धरवेना, बसवेना. कानात हेडफोन घालून छताकडे बघत पडायचं, एवढंच उरलं. त्या दिवसांत मारिउश क्फ्येचेन हा पोलिश बॅरिटोन, म्हणजे मध्यम-खोल पुरुषी आवाजाचा ऑपेरा गायक, भेटला. पोलिशमध्ये ‘क्फ्येचेन’ म्हणजे एप्रिल महिना. गडी जन्मला मात्र नोव्हेंबरात, 1972 साली, क्राकूफला.

शिक्षण वॉर्सात, 1999 मध्ये न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन ऑपेरात (‘मेट’मध्ये) पदार्पण, मग जगभर मोत्सार्टच्या ‘डॉन जोव्हानी’ या ऑपेराचा नायक. मला खरा चिकटला तो 2011 चा किस्सा. मेटमध्ये ‘डॉन जोव्हानी’चं नवं प्रॉडक्शन, नायक हाच, आणि शुभारंभाला जेमतेम तीन दिवस असताना रंगीत तालमीत पाठीनं दगा दिला. चकतीच! ऑपरेशन झालं. पहिल्या प्रयोगाला त्याच्या जागी पेटर मात्तेई हा स्वीडिश बॅरिटोन उभा राहिला. क्फ्येचेन पठ्ठ्या पंधरवड्यात परत रंगमंचावर. मी तेव्हा आधाराशिवाय बाथरूमपर्यंत जात नव्हतो, म्हणून मला त्याचं कौतुक कमी आणि रागच जास्त आला.

ऑपेरातला गवय्या माइकशिवाय अख्ख्या वाद्यवृंदावरून आवाज पोचवतो. तो जोर गळ्यात नसतो. श्वास घेताना खालच्या बरगड्या पसरतात, पाठ रुंदावते आणि तोच श्वास जपून सोडायचा असतो. तिथेच कळ उठत असेल तर? मला तर साधं शिंकायचीही धास्ती होती.

माझा लाडका मात्र त्याचा ‘राजा रॉजर’. पोलिश संगीतकार शिमानोव्स्कीचा हा ऑपेरा 1926 मध्ये वॉर्सात पहिल्यांदा झाला. बाराव्या शतकातली सिसिली. एक अनोळखी मेंढपाळ येतो आणि राजाची श्रद्धा, राणी, झोप, सगळंच हलवून टाकतो. 2015 च्या लंडनच्या प्रयोगात रंगमंचावर एक अवाढव्य मस्तक होतं. दुसऱ्या अंकात ते फिरतं आणि आतला पोकळ भाग दिसतो: राजाच्या डोक्यात चाललेली घालमेल. ही कल्पना कागदावर बाळबोध वाटते, पण त्या मस्तकासमोर क्फ्येचेन घामाघूम उभा असतो तेव्हा हसू येत नाही.

सप्टेंबर 2020 मध्ये त्यानं गाणं थांबवलं. कारण पाठ. वय 47. बॅरिटोनला इटालियन संगीतकार व्हेर्दीच्या ऑपेरांतल्या भारदस्त भूमिका पेलायला लागतात त्या साधारण याच वयात. त्यानंतर पोलंडमधल्याच व्रॉत्स्वाफ शहराच्या ऑपेराचा कलासंचालक झाला. बरं झालं, पण माझी चुटपुट जात नाही.

‘रॉजर’च्या शेवटी पहाट होते. मेंढपाळ गेलेला, राणीही त्याच्यामागे गेलेली, आणि राजा सूर्याला उद्देशून एकटा गातो. तिथे मी दर वेळी उठून बसतो. आधी कुशीवर वळायचं, मग कोपरावर भार, मग पाय खाली. फिजिओथेरपिस्टनं शिकवलंय तसं. तोवर अर्धं गाणं निघून जातं. मग मागे नेऊन पुन्हा लावतो.